राजकन्येच्या हातातली तलवार: सफायर, ऑस्कर, उतेना आणि बाकीच्या

रानजाई

गेले दोन महिने रोज रात्री माझ्या नऊ वर्षांच्या भाचीला ओसामू तेझुकांचा 'रिबोन नो किशी' हा मांगा, म्हणजे जपानी चित्रकथा, वाचून दाखवतेय. हातात इंग्रजी भाषांतर आणि तोंडाने मराठी, असं चाललंय. रिबोन म्हणजे रिबीन आणि किशी म्हणजे घोड्यावरचा योद्धा, युरोपातला नाइट. १९५३ ते १९५६ या काळात 'शोजो क्लब' या मुलींच्या मासिकात तो आला. १९६३ पासून तेझुकांनी 'नाकायोशी' मासिकासाठी तो नव्याने काढला, आणि १९६७-६८ मध्ये त्यावर ५२ भागांची रंगीत मालिका झाली. जपानी ॲनिमे आणि गेम्समध्ये ज्या तलवारवाल्या राजकन्या आज जागोजागी दिसतात, त्यांचं घराणं शोधत मागे गेलं की वाट इथे येऊन पोचते.

ज्यांनी वाचलेलं नाही त्यांच्यासाठी गोष्ट थोडक्यात. सिल्व्हरलँड राज्यात मुलीला गादी मिळत नाही. राजाला मुलगी होते, सफायर. हे उघड झालं तर गादी ड्यूक ड्युरॅल्युमिनच्या मुलाकडे, म्हणजे प्लॅस्टिककडे जाणार. म्हणून दवंडी राजपुत्राची पिटली जाते आणि पोर घोडेस्वारी, तलवारबाजी शिकत राजपुत्र म्हणून वाढते. त्यात आणखी एक भानगड आधीच झालेली असते. जन्माआधी स्वर्गात पोरांना मुलाचं किंवा मुलीचं हृदय दिलं जातं, तिथे टिंक नावाच्या खोडकर देवदूताने हिला मुलाचं हृदय भरवून टाकलेलं असतं. वर मुलीचंही मिळतं. म्हणजे दोन हृदयं. ते जास्तीचं परत आणायला देव टिंकला पृथ्वीवर धाडतो.

उत्सवाच्या दिवशी सफायरला एकदा मुलगी म्हणून बाहेर पडायचं असतं. ती सोनेरी केसांचा टोप लावते, झगा घालते आणि नाचायला जाते. गोल्डलँडचा राजपुत्र फ्रांझ त्या अनोळखी मुलीच्या प्रेमात पडतो, आणि हीच आपल्या ओळखीचा राजपुत्र सफायर आहे हे त्याला कळत नाही. इथे भाचीने मला थांबवलं. उठून बसली आणि बोटं मोजत म्हणाली, "थांब मावशी. ती मुलगी आहे. मुलगा बनलीय. आणि आता मुलगी दिसायला केस लावतेय?" मी हो म्हटलं. ती जराशी गप्प बसली, मग म्हणाली, "मग ती झोपताना कोण असते?"

उत्तर माझ्याकडे नव्हतं. तेव्हापासून हा धागा डोक्यात घोळतोय.

मला या पुस्तकातली एक गोष्ट सलते. मुलाचं हृदय काढून घेतलं की सफायरचे हात गळतात, तलवार पेलवत नाही. म्हणजे शौर्य त्या निळ्या, मुलाच्या हृदयाचं ठरलं. शेवट फ्रांझशी लग्नाने होतो. पण याच पुस्तकात हेकाते आहे, चेटकीण मादाम हेलची मुलगी. आईला सफायरमधलं मुलीचं हृदय काढून तिच्यात घालायचंय, पोरगी जरा वळणावर यावी म्हणून, आणि हेकातेला ते नकोच आहे. जशी आहे तशी ती खूश आहे. एकाच लेखकाच्या हातून, एकाच गोष्टीत, दोन्ही आलंय.

त्यानंतरची मोठी नायिका म्हणजे ऑस्कर. रियोको इकेदांचा 'बेरुसाइयु नो बारा', म्हणजे व्हर्सायचा गुलाब, १९७२-७३. सेनापती जार्जे यांना मुलगा हवा होता, सहावीही मुलगीच झाली, म्हणून तिचं नाव ऑस्कर ठेवून तिला सैनिक म्हणून वाढवलं. ती जन्माने राजकन्या नाही, राणी मारी आंत्वानेतची अंगरक्षक आहे. पण सफायरशी तिचं नातं सख्ख्या बहिणीचं. फरक एवढाच की ऑस्कर बाई आहे हे दरबारात सगळ्यांना ठाऊक असतं. ती लपत नाही. सबंध गोष्टीत एकदाच ती झगा घालते, तिला मनातून आवडणाऱ्या फर्सनबरोबर नाचण्यासाठी, आणि त्या रात्रीनंतर तो विषय मनातून काढून टाकते. १४ जुलै १७८९ ला बास्तीलसमोर तिला गोळ्या लागतात.

सफायरचं लग्न, ऑस्करचा मृत्यू. म्हणून अशी कुठलीही गोष्ट पाहताना मी दोन गोष्टी तपासते: तलवार हिला कुणाच्या नावावर मिळाली, आणि शेवटी ती कुणाकडे गेली. तुमच्या आवडत्या राजकन्यांबद्दल सांगा. गेम्समधलं मला फार कळत नाही, तिथे जाणकारांनी भर घालावी.

दूरदेशी

फार सुंदर धागा. वाचनखूण साठवली आहे. "झोपताना कोण असते" हा प्रश्न दिवसभर पुरेल.

उगवतीकडे

रानजाई, मी सध्या ओसाकात असतो, त्यामुळे या गोष्टीचं गाव माझ्यापासून अर्ध्या-पाऊण तासावर आहे. उमेदा स्टेशनवरून हानक्यूची तपकिरी-लाल गाडी पकडायची आणि ताकाराझुकाला उतरायचं. बाहेर पडलं की 'हाना नो मिची', फुलांची वाट, तिच्या कडेने चालत गेलं की मोठं थिएटर लागतं, आणि थोडं पुढे तेझुकांचं संग्रहालय. तेझुका लहानपणापासून याच गावात वाढले. आईला इथली नाटकं आवडायची, ती मुलाला बरोबर न्यायची.

ही नाटकं म्हणजे ताकाराझुका. १९१३ मध्ये रेल्वे कंपनीच्या इचिझो कोबायाशींनी मुलींचा संच उभा केला. गावात गरम पाण्याचे झरे होते, गाडीला प्रवासी हवे होते. १९१४ मध्ये पहिला प्रयोग झाला. आजही सगळ्या भूमिका अविवाहित मुलीच करतात. पुरुषपात्र रंगवणारीला 'ओतोकोयाकु' म्हणतात, स्त्रीपात्र रंगवणारीला 'मुसुमेयाकु', आणि कोण काय करणार हे एकदा ठरलं की सहसा कारकीर्दभर तेच. ओतोकोयाकु चालणं, बसणं, सिगरेट धरणं, आवाज खाली आणणं, सगळं वर्षानुवर्षं घोटते. समोर बसलेल्या बायका तिच्यासाठी जीव टाकतात.

सफायरचा टोपीवरचा पिसांचा तुरा, अंगरखा, बूट, हे सगळं त्या रंगमंचावरून आलेलं आहे. जपानी राजकन्या सोडून युरोपातला नाइट का, असं बरेच जण विचारतात. लहानग्या ओसामूने 'राजपुत्र' पहिल्यांदा पाहिला तोच एका मुलीने रंगवलेला, झगमगत्या युरोपी कपड्यांत.

पुढे वर्तुळ पूर्ण झालं. १९७४ मध्ये ताकाराझुकाने 'बेरुसाइयु नो बारा' रंगमंचावर आणलं आणि त्याला तुफान गर्दी लोटली. अभिनयाचं दिग्दर्शन केलं काझुओ हासेगावा यांनी. ते सिनेमातले मोठे नट, आणि त्यांचं सुरुवातीचं शिक्षण काबुकीतलं, म्हणजे जपानच्या जुन्या नाट्यप्रकारातलं, स्त्रीभूमिकांचं. म्हणजे बायकांची पात्रं घोटलेल्या पुरुषाने, पुरुष रंगवणाऱ्या बायकांना, पुरुषासारखी वाढलेली बाई कशी उभी करायची ते शिकवलं.

जुनापुराणा

उगवतीकडे, १९१३ वाचून दचकलो. त्याच वर्षी आपल्याकडे गंधर्व नाटक मंडळी निघाली. इकडे नारायणराव राजहंस शालू नेसून उभे राहिले की बायका घरी जाऊन तसंच नेसणं, तसाच अंबाडा करून पाहायच्या. तिकडे त्याच सुमारास मुली पुरुष होऊन उभ्या राहिल्या आणि बायकाच त्यांच्यावर भाळल्या. माझे वडील सांगायचे, बालगंधर्व पुरुष आहेत हे ठाऊक असूनही प्रवेश सुरू झाला की ते डोक्यातून निघून जायचं. ऑस्करच्या चाहत्यांचंही असंच काहीसं होत असणार.

काबुकीत बायकांना १६२९ मध्ये बंदी झाली. त्यामुळे तीनशे वर्षांनी बायकांनी सगळा रंगमंच आपल्या ताब्यात घेणं ही लहान घटना नव्हे. ॲनिमेचा मला गंध नाही, पण हा धागा वाचून ऑस्करची मालिका पाहायला घेतोय.

रानजाई

काका, जरूर पाहा. १९७९-८० ची मालिका, ४० भाग. पहिले काही भाग थोडे बटबटीत वाटतील, ओसामू देझाकी दिग्दर्शनाला आल्यावर रंग बदलतो. उन्हाचे कवडसे, पावसाचं पाणी, मध्येच गोठून चित्र होणारे चेहरे. उत्तरार्ध सोडू नका.

पिंपळपान

गेम्सबद्दल मी लिहितो, हा माझा प्रांत.

सुरुवात १९८६ च्या 'ड्रॅगन क्वेस्ट'पासून. राजकन्या लोरा गुहेत कैद. ड्रॅगनला मारायचं आणि तिला वाड्यावर आणायचं. परतीच्या वाटेवर पडद्यावर तुमचा नायक तिला हातांवर उचलून चालताना दिसतो, चार ठिपक्यांची आकृती, पण स्पष्ट दिसतं. नंतर ती प्रेमाबद्दल विचारते. तुम्ही नाही म्हटलंत तर रडवेली होते आणि तोच प्रश्न पुन्हा. हो म्हणेपर्यंत सुटका नाही. राजकन्या म्हणजे उचलून न्यायची वस्तू, हे याहून सरळ कुणी दाखवलं नसेल.

चार वर्षांनी, १९९० मध्ये, त्याच मालिकेचा चौथा गेम. त्यातला एक अख्खा अध्याय राजकन्या अलेनाचा. हिला बाहेर जाऊन आपली ताकद आजमावायची आहे आणि राजा सोडत नाही. दरवाजावर पहारा. तुम्ही तिला तिच्या खोलीतल्या भिंतीपाशी नेता आणि ती लाथ घालते. भगदाड पडतं. ती तिथून खाली उडी मारते. मागून तिचा म्हातारा गुरू आणि तरुण पुजारी धावत येतात, एकटी कशी सोडायची म्हणून. लढते ती मुठींनी आणि लाथांनी. पुढे एंडोरच्या राजाने मल्लयुद्धासारखी स्पर्धा ठेवलेली असते, जिंकणाऱ्याला त्याची मुलगी मोनिका बायको म्हणून मिळणार. बोलून बसल्यावर राजाला पश्चात्ताप होतो. तो अलेनालाच विनवतो की तू जिंक, म्हणजे माझ्या पोरीला नको त्याच्या गळ्यात पडावं लागणार नाही. एका राजकन्येने आखाड्यात उतरून दुसरीला सोडवायचं. मी हा गेम कॉलेजात असताना खेळलो, आणि तो आखाडा जिंकल्यावर जो आनंद झाला तो शेवटच्या राक्षसाला हरवूनही झाला नाही.

त्याच १९९० मधला पहिला 'फायर एम्ब्लेम'. त्यात ताॅलिस बेटाची राजकन्या शीडा, इंग्रजीत केडा, पंखांच्या घोड्यावर बसून भाला चालवते. या गेमची गंमत तिच्या कमजोरीत आहे. उडता घोडा डोंगर, नदी, तटबंदी काही मानत नाही, पण धनुर्धाऱ्याच्या टप्प्यात आला की एका बाणात संपतो. आणि इथे मेलेलं माणूस परत येत नाही. त्यामुळे शीडाला पुढे धाडताना प्रत्येक चौकोन मोजावा लागतो. तिचं दुसरं हत्यार बोलणं. शत्रूच्या बाजूने लढणाऱ्या भाडोत्री योद्ध्यांपाशी ती जाते, बोलते आणि माणूस आपल्या बाजूला येतो. नवारसारखा तलवारबहाद्दर असाच मिळतो. त्याच्यापर्यंत तिला जिवंत पोचवताना मी श्वास रोखून बसायचो.

आता रानजाईंच्या प्रश्नाकडे, तलवार शेवटी कुणाकडे. 'झेल्डा' या गेम-मालिकेत याचं उत्तर फार जिव्हारी लागतं. १९९८ च्या 'ओकारिना ऑफ टाइम'मध्ये झेल्डा सात वर्षं शीक नावाच्या योद्ध्याच्या वेशात राहते, तोंड झाकलेलं, चपळ, नायक लिंकला वाट दाखवणारी. शेवटाकडे ती आपली ओळख उघड करते, पुन्हा राजकन्येच्या कपड्यांत उभी राहते, आणि त्याच क्षणी खलनायक गॅनॉनडॉर्फ तिला स्फटिकात कोंडून पळवतो. सात वर्षं सापडली नाही ती, झगा अंगावर आल्यावर एका मिनिटात सापडली. २००२ च्या 'विंड वेकर'मध्येही तेच. टेट्रा ही चाचेगिरी करणाऱ्या जहाजाची कप्तान, सगळ्यांवर डाफरणारी पोरगी. ती झेल्डा आहे हे कळतं, कपडे बदलतात, आणि तिला सांगण्यात येतं की तू आता इथेच वाड्यात थांब.

ज्या मालिकेला तिचं नाव आहे तिच्यात ती मुख्य पात्र व्हायला २०२४ उजाडलं. 'एकोज ऑफ विज्डम'मध्ये आपण झेल्डा म्हणून खेळतो. त्यातही तलवार लिंकची. थोडा वेळ वापरता येते, शक्ती संपली की हातातून जाते. पण तिची स्वतःची काठी आहे, पाहिलेल्या वस्तूंची आणि प्राण्यांची प्रतिकृती उभी करणारी, आणि गेमचा खरा कस तिथेच लागतो. मी तर पलंगावर पलंग रचून निम्मा मुलूख पार केला.

रानजाई

पिंपळपान, तुमचा प्रतिसाद भाचीला वाचून दाखवला. भिंतीला लाथ घालते हे ऐकल्यावर तिने आमच्या हॉलच्या भिंतीवर प्रयोग केला. पायाला हळद लावून बसलीय आणि चेहऱ्यावर समाधान आहे.

झेल्डाचं वाचून मात्र वाईट वाटलं. कपडे बदलले की पकडली जाते, हे सफायरच्या हृदयासारखंच झालं.

पंचगंगा

एक विचारू का? तुम्ही भाचीला मराठीत सांगताय, तर सफायर बोलते तेव्हा क्रियापद कोणतं लावता? राजपुत्र म्हणून बोलताना "मी येतो", आणि टोप लावल्यावर "मी येते" का?

विचारायचं कारण असं, की आमच्या कोल्हापूरकडं बायका सर्रास "मी जातो", "मी आलो" म्हणतात. माझी आज्जी शेताकडं निघताना डोक्यावर पाटी घेऊन "येतो गं" म्हणायची आणि निघायची. पुण्यात शिकायला आले तेव्हा वर्गात पहिल्याच दिवशी "मी सांगतो" म्हटलं आणि सगळा वर्ग हसला. मॅडमनी पण "सांगते म्हण" म्हणून सगळ्यांसमोर तीनदा म्हणून घेतलं. तेव्हापासून माझी जीभ दोन झाली. घरी फोनवर येतो-जातो, बाहेर येते-जाते. सफायरची दोन हृदयं वाचली तेव्हा मला माझ्या त्या दोन जिभाच आठवल्या.

उगवतीकडे

पंचगंगा, अगदी मुळावर बोट ठेवलंत. जपानी क्रियापदाला लिंग नसतं. 'इकु' म्हणजे जातो, जाते, जातात, सगळं. लिंग दिसतं ते 'मी' या शब्दात आणि वाक्याच्या शेपटात. मुलगे बहुधा 'बोकु' म्हणतात, मुली 'वाताशी' किंवा 'आताशी'. त्यामुळे जपानीत सफायर नुसता 'मी' बदलून इकडून तिकडे जाऊ शकते, आणि 'मी' गाळूनही चार वाक्यं बोलता येतात. मराठीत ती तोंड उघडताच पकडली जाईल. "मी भुकेलो आहे" की "भुकेले आहे", यातून सुटका नाही.

'उतेना' या ॲनिमे मालिकेची नायिका पहिल्या भागापासून 'बोकु' म्हणते. ती वेशांतर करत नाही, मी मुलगा आहे असंही कधी म्हणत नाही. मुलींनीही बोकु म्हणावं, एवढंच तिचं वागणं सांगतं. मराठीत ते पोचवायचं तर पंचगंगांच्या आज्जींचं "येतो गं" हाच उपाय दिसतो. बाईच, आणि तरी "येतो".

पंचगंगा

हे वाचून डोळ्यांत पाणी आलं हो. आज्जीला सांगायला हवं होतं.

रानजाई

पंचगंगा, मी आजवर सरसकट "येते" वापरत होते. विचारच केला नव्हता. आज रात्रीपासून बदलते.

उतेनाचं नाव निघालंच आहे तर लिहितेच, कारण माझ्यासाठी या सगळ्या घराण्यात ती सर्वांत वर आहे. १९९७, ३९ भाग, दिग्दर्शक कुनिहिको इकुहारा. आधी ते 'सेलर मून' या मालिकेवर होते, आणि 'सेलर मून'चा मांगा आला तो 'नाकायोशी'त, म्हणजे सफायरच्याच मासिकात. घराणं म्हणते ते यासाठी.

आईवडील गेलेल्या लहान उतेनाला एक राजपुत्र भेटतो, धीर देतो, अंगठी देतो. गोष्टीच्या रिवाजाप्रमाणे तिने मोठं होऊन त्याची वाट पाहायला हवी. तिला तो इतका आवडतो की ती ठरवते, आपणच राजपुत्र व्हायचं. शाळेत ती मुलांसारखा कोट घालून फिरते. तिथे द्वंद्वयुद्धं चालतात आणि जिंकणाऱ्याला 'गुलाबवधू' मिळते, आंथी नावाची अबोल मुलगी. उतेना लढते ते तिला या देवघेवीतून सोडवायला. आता तलवार बघा: ती आंथीच्या छातीतून निघते. सोडवणारीचं हत्यार, जिला सोडवायचं तिच्याच अंगातून उपसायचं. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ते फक्त सुंदर वाटलं होतं. दुसऱ्यांदा पाहताना अंगावर काटा आला.

शेवटच्या भागात जिच्यासाठी ती लढतेय ती आंथीच तिला मागून भोसकते. तलवार मोडते. आंथी ज्या बंद दारामागे अडकलीय त्या दारापर्यंत उतेना रक्ताळलेल्या अंगाने सरपटत जाते आणि नुसत्या हातांनी ते उघडायला लागते. बोटं फटीत घालून. दार किलकिलं होतं, आतून आंथी हात पुढे करते, बोटांना बोटं लागतात, आणि निसटतात. उतेना नाहीशी होते. शाळा तिला विसरते. आणि मग आंथी, जी अख्खी मालिकाभर कुणाची ना कुणाची होती, ती चष्मा काढून ठेवते, बॅग उचलते आणि फाटकाबाहेर पडते, तिला शोधायला.

चकमक

सगळं छान चाललंय, पण दुसरी बाजूही मांडतो. 'हिमे किशी', म्हणजे राजकन्या-नाइट, हा शब्द आज जपानी इंटरनेटवर शोधलात तर सफायर सापडणार नाही. सापडेल एक ठरीव साचा: मानी, सोनेरी केसांची, चिलखतातली योद्धी, जी शत्रूच्या हाती लागते आणि दातओठ खात "मला मारून टाक" म्हणते. प्रौढांसाठीच्या गेम्समधून हे आलं, मग विनोद म्हणून सगळीकडे पसरलं. त्या साच्यात तिचं शौर्य असतं ते मोडण्यापुरतंच. चिलखतही असं की मांड्या, पोट, गळा उघडा. ज्याने कधी तलवार पाहिली असेल असा कुणीही असं चिलखत घालणार नाही.

मी 'फेट' या गेम-मालिकेचा चाहता आहे. त्यातली सेबर म्हणजे राजा आर्थर, जो खरं तर बाई होता, ही कल्पना मला आजही भारी वाटते. २००४ च्या गेममध्ये तिचं दुःख राज्यकर्त्याचं दुःख आहे, आपण राजा व्हायलाच नको होतं असं वाटणाऱ्या माणसाचं. पण नंतर तिचीच इतकी रूपं, इतके पोशाख, इतक्या बाहुल्या निघाल्या की ती राजा होती हे शोधावं लागतं. याचा मला मनापासून राग येतो.

उगवतीकडे

चकमक, सहमत. याच्या शेजारी एक गोष्ट ठेवतो. सिल्व्हरलँडचा कायदा परीकथेतला वाटतो, पण जपानच्या १९४७ च्या राजघराणे कायद्यानुसार सिंहासन फक्त पुरुष वंशातल्या पुरुषालाच मिळतं. सफायर आली त्यानंतर सहा वर्षांनी. जुन्या काळात जपानमध्ये आठ सम्राज्ञी राज्य करून गेल्या, शेवटची गो-साकुरामाची, अठराव्या शतकात. दार १८८९ च्या कायद्याने लावलं गेलं आणि १९४७ ने ते तसंच ठेवलं. २००१ मध्ये राजकन्या आइको जन्मली, २००५ मध्ये सरकारने नेमलेल्या समितीने मुलींनाही हक्क द्यावा असं सुचवलं. २००६ मध्ये घराण्यात मुलगा जन्मला आणि विषय मागे पडला. तेझुकांना हेच म्हणायचं होतं असं मी म्हणत नाही. पण ज्या मुली १९५३ मध्ये तो मांगा वाचत होत्या, त्यांना तो कायदा अगदीच परका वाटला नसेल.

सह्यकडा

नाइट या शब्दाला मराठीत काय म्हणावं यावर विचार करत होतो. सरदार म्हटलं तर हुद्दा येतो, योद्धा म्हटलं तर घोडा हरवतो. मग शिलेदार आठवला. आपल्या जुन्या फौजेत घोडेस्वार दोन प्रकारचे: शिलेदार स्वतःचा घोडा, स्वतःचं हत्यार घेऊन चाकरीला यायचा. बारगिराला दोन्ही सरकारातून मिळायचं, आणि चाकरी सुटली की परत द्यावं लागायचं. रानजाईंचा "तलवार कुणाच्या नावावर" हा प्रश्न मला असाच दिसतो. सफायर शिलेदार की बारगीर?

रानजाई

सह्यकडा, हे दोन शब्द मला दोन महिने हवे होते!

सफायर बारगीर. मुलगी आहे हे उघड होताच गादी, घोडा, तलवार सगळं काढून घेतात आणि आईसकट कैदेत टाकतात. ऑस्करही जन्मभर बारगीर, बापाच्या हट्टाची, राणीच्या मेहरबानीची. पण १७८९ च्या त्या जुलैमध्ये, लोकांवर गोळ्या झाडायचा हुकूम येतो तेव्हा, ती आपली पदवी आणि पदकं टाकून देते आणि आपल्या तुकडीसकट लोकांच्या बाजूला जाऊन उभी राहते. त्या दोन दिवसांत ती शिलेदार आहे. तिच्या मृत्यूकडे मी आजवर फक्त शिक्षा म्हणून पाहत होते, आता तसं पाहवणार नाही.

अलेना सरळसरळ शिलेदार, तिच्या मुठी कोण काढून घेणार?

आणि नाउशिका. १९८४ चा मियाझाकींचा सिनेमा. वाऱ्याच्या खोऱ्याची राजकन्या, स्वतःचं उडतं यान, स्वतःची तलवार, सगळ्या खोऱ्याची लाडकी. तिला कुणी अडवलेलं नाही. बापाचा खून झालेला पाहून ती बेभान होते आणि खोलीतले सैनिक एकामागून एक मारते. शेवटी तिचा गुरू युपा मध्ये पडतो आणि तिचं पातं आपल्या हातावर घेतो. पातं आरपार, रक्त थेंब थेंब गळतंय, आणि तो शांतपणे तिला थांबवतो. नंतर ती त्याच्यापाशी रडते, मला माझीच भीती वाटते म्हणते. मुलीला तलवार मिळणार की नाही, हा प्रश्न तिथे संपलेलाच आहे. तलवार तिचीच आहे, म्हणून केलेल्या खुनांचं ओझंही तिचंच. मला हा सिनेमा तेवढ्यासाठी फार मोठा वाटतो.

चाफेकळी

नेहमी वाचनमात्र असते, आज राहवलं नाही. पाचवीत शाळेच्या नाटकात मावळे कमी पडले म्हणून मला उभं केलं, उंच होते म्हणून. काजळाने मिशी काढली, पुठ्ठ्याची तलवार, वर चंदेरी कागद. प्रयोग झाला आणि मी तशीच मिशीसकट, तलवार कमरेला लावून घरी चालत आले. वाटेत सगळे बघत होते आणि मला पहिल्यांदाच वाटलं की बघू देत. पुढच्या वर्षी मुलगे पुरेसे मिळाले. मला औक्षण करणाऱ्या बायकांत उभं केलं. ती तलवार परत द्यायची होती. मी दिली नाही, आईच्या ट्रंकेत तळाशी ठेवली. अजून आहे.

सह्यकडा

चाफेकळी, तुम्ही शिलेदार.

रानजाई

चाफेकळी, लिहित्या झालात त्याबद्दल किती आभार मानू. भाचीला तुमची गोष्ट सांगितली. तलवारीचा फोटो हवाय असं तिने तीनदा बजावलंय.

आणि पंचगंगा, तुमच्यासाठी. काल रात्रीपासून सफायर राजपुत्र असताना "मी येतो", टोप लावल्यावर "मी येते" असं सुरू केलं. दोन-तीन पानं नीट गेली. मग एका प्रसंगात ती खोलीत एकटी असते, कुणासमोर नाही, आणि स्वतःशी बोलते. मी अडखळले. भाचीने माझ्याकडे पाहिलं, म्हणाली, "इथे 'येतो गं' म्हण. त्या आज्जीसारखं." आणि कूस बदलून झोपली.

पंचगंगा

तिला माझ्याकडून एक गोड पापी द्या. उद्या फोनवर सगळं आईला सांगतो.